वीस मिनिटं राहिली

कलकत्ता, १४ जून १९५३

बाई,

पाया पडतो. गाडी वेळेवर पोचली. अकोल्याच्या फलाटावर तू दिलेल्या भाकरी नागपूरच्या पुढं गेल्या नाहीत. समोर एक बंगाली म्हातारा बसला होता, त्याला ठेचा आवडला. डोळ्यांतून पाणी गळत होतं तरी तो खात होता.

फुटबॉल क्लबात हे माझं दुसरं वर्ष. मेसमध्ये आम्ही अकरा खेळाडू राहतो, कोणी हैदराबादचा, कोणी मलबारचा. वऱ्हाडातला मी एकटा. माझं नाव इथं कोणाला नीट म्हणता येत नाही. जॉयबोंतो म्हणतात. आता हाक मारली की मीही वळून पाहतो.

यंदापासून बूट घातल्याशिवाय मैदानात सोडत नाहीत. अकोल्याच्या बोर्डिंगात अनवाणी खेळून माझे तळवे कातड्यासारखे झाले होते, ते आता फुकट गेले. दुसऱ्याच्या पायांनी पळतोय असं वाटतं. पण जमेल. मी लेफ्ट आऊट खेळतो. मैदानाच्या डाव्या कडेनं चेंडू घेऊन पळायचं आणि गोलासमोर आपल्या माणसाला द्यायचा, एवढंच काम. परवा वीस हजार लोक आले होते.

भाऊजींना नमस्कार. मी मजेत आहे.

तुझा जयवंता


हिवरखेड, ५ जुलै १९५३

जयवंता,

तुयी चिठ्ठी भेटली. दोन डाव वाचली. तू पुस्तकातलं लिवतं, मले येळ लागते. माय गेली तवा तू चार वर्साचा होता. मी तुले काखेत मारून वावरात न्यायची. तवा तुले असं बोलता येत नव्हतं.

भाऊजी इचारून राहिले, वीस हजार मानसं चेंडू पाहाले येतात त्याइले कामधंदा नाई काय? मी म्हनलं, तुमी शंकरपटाले बैल पळताना पाहाले जाता तवा तुमचा कोनता धंदा असते?

पंजाब सात वर्साचा झाला. चिंध्यांचा चेंडू करून आंगनभर लाथा मारते. मामा कलकत्त्याले चेंडू खेयते हे त्यानं साऱ्या गावाले सांगतलं.

मजेत आहे असं तू दर चिठ्ठीत लिवतं. जेवाले काय भेटते ते लिव. तब्येत कशी आहे ते लिव. दिवाळीले येजो. भाऊबीजेचा पाट रिकामा ठेवाले मले आवडत नाई.

मैना


कलकत्ता, २२ सप्टेंबर १९५५

बाई,

दोन महिने पत्र नाही म्हणून रागावली असशील. गडबडीत होतो. बातमी चांगली आहे. क्लबानं मला आता खेळण्याऐवजी शिकवण्याचं काम दिलं. नवीन मुलं येतात, त्यांना तयार करायचं. सव्विसाव्या वर्षी असा मान इथं कोणाला मिळत नाही. आणि खरं सांगायचं तर पळून पळून मलाही कंटाळा आला होता.

मेसच्या जिन्यावरून पाय घसरला, त्यामुळं जरा लंगडतो. बरा होईल. या दिवाळीला येणं जमायचं नाही. नव्या कामात लगेच रजा मागणं बरं दिसत नाही.

पंजाबला एक खरा चेंडू पाठवतोय. त्यात हवा भरायला सायकलवाल्याकडं ने.

तुझा जयवंता


हिवरखेड, १८ नोव्हेंबर १९५५

जयवंता,

तुयी चिठ्ठी भाऊजीनं पारावर वाचून दाखवली. सव्वीस वर्साचा गुरुजी, म्हनून सारे हासले, पन अभिमानानं हासले. खेयून कोनाचं भलं होते हे मले आजपावतर पटत नव्हतं. तू म्हने तवा मी हो हो करायची. आता पटलं.

पायाले तीयाचं तेल चोळत जा.

तू आला नाई म्हनून भाऊबीजेले चंद्राले ओवायलं. पंजाब मायाजवय उभा होता. म्हने, माय, मी बी मामासारखा होईन. मी म्हनलं, हो.

मैना


अमरावती, ९ जुलै १९६२

बाई,

सात वर्षांत मी कुठं कुठं होतो ते तुला तुटक तुटक कळवलंच आहे. आधी कलकत्ता, मग जमशेदपूर, शेवटी पतियाळ्याचा सरकारी शिक्षणवर्ग. आता इथल्या एका कॉलेजात फुटबॉलचा कोच म्हणून लागलो. राजापेठेत खोली घेतली आहे. एक खाट, एक स्टो, भिंतीला दोन खुंट्या.

मैदान काळ्या मातीचं आहे. पाऊस पडला की चिखल बुटाला धरतो आणि पाय उचलवत नाही. पण ही पोरं वावरातलीच, त्यांना त्याचं काही वाटत नाही. इतक्या वर्षांनी सगळीकडं आपली बोली ऐकू येते. पहिल्या दिवशी एका पोरानं विचारलं, "सर, तुमी काहून हासून राहिले?" मी हसतोय हे मला माहीत नव्हतं.

हिवरखेड मोटारीनं एका दिवसाचा रस्ता. तीन आठवडे झाले तरी मी आलो नाही. कारण काही नाही. येईन.

लग्नाचं आता विचारत जाऊ नकोस.

तुझा जयवंता


हिवरखेड, ११ जून १९६३

जयवंता,

पंजाब मॅट्रिक पास झाला. भाऊजी म्हनत होते, झालं तेवढं शिक्षन बास, आता वावर पाह्य. एकुलतं एक पोट्टं, वावर कोन पाह्यनार, हे त्याइचं बी खोटं नाई. पन पंजाबले तुयाच कॉलेजात जाचं आहे, चेंडू खेयाचा आहे. मी त्याच्या बाजूनं बोलली. आमी नवराबायको आठ दिवस बोललो नाई. मी म्हनलं, जयवंता वावरात राह्यला असता त आज त्याले कोन ओयखलं असतं? खेयानं त्याचं काय वाईट केलं? शेवटी ते म्हनले, तुया भाऊ, तुयं पोट्टं, तुयी जबाबदारी.

तं पाठवून राहिली.

मांगं तू आला तवा पाय ओढत होता. मी पाह्यलं. जिन्यावरून पडलेला पाय आठ वर्स दुखते काय? मी इचारलं नाई, पावना आला अन् काहून इचारावं. तुले सांगावं वाटन तवा सांगजो.

पोराले दूध नाई आवडत, पन देत जाजो.

मैना


अमरावती, २५ ऑगस्ट १९६३

बाई,

पंजाब रुळला. दूध पितो, नाक धरून पितो, पण पितो. दुसरी खाट आणली. खोलीत दोन खाटा टाकल्यावर चालायला जागा उरत नाही, मग आम्ही खाटांवरूनच ये-जा करतो.

तू त्याला पळताना पाहिलं नाहीस. डाव्या कडेनं चेंडू घेऊन निघाला की अडवणाऱ्याला वाटतं, हा आता बाहेर जाणार, आणि तेवढ्यात तो आत वळलेला असतो. हे मी त्याला शिकवलं नाही. मला ते कधी आलंच नाही. मी मैदानात शिट्टी घेऊन उभा असतो आणि कधी कधी वाजवायची विसरतो.

संध्याकाळी दोघं मिळून भाकरी करतो. त्याची गोल होते, माझी होत नाही. तो बोलत असतो, मी ऐकतो. इतकी वर्षं मी जेवताना भिंतीकडं तोंड करून बसत होतो हे मला आता कळलं.

पायाचं विचारलंस. जुनी लचक आहे. विशेष काही नाही.

तुझा जयवंता


अमरावती, ४ डिसेंबर १९६५

बाई,

आम्ही उपांत्य सामना जिंकलो. कॉलेजांच्या स्पर्धेचा शेवटचा सामना रविवारी, १२ तारखेला, अकोल्यात आहे. बोर्डिंगात असताना मी ज्या मैदानावर खेळायचो तिथंच. भाऊजींना घेऊन ये. बायकांना बसायला कनात लावणार आहेत. पंजाब पिवळ्या बनियनमध्ये, डाव्या कडेला असेल.

त्याचा पाय जरा मुरगळला आहे. काळजीसारखं नाही.

नक्की ये.

तुझा जयवंता


हिवरखेड, १६ डिसेंबर १९६५

जयवंता,

घरी आल्यापासून मी साऱ्या गल्लीले तेच सांगून राहिली. गोल झाला तवा मले समजलंच नाई, बाजूची बाई म्हने, "अहो, तुमच्या पोरानं केला." मंग मी उभी राह्यली. भाऊजी मानसांत बसले होते. त्याइनं टोपी काढून हातात धरली होती. घरी आल्यावर म्हनले, "तुयं बरोबर होतं."

शेवटी शेवटी पंजाब लंगडत होता. मायाजवय आला तं घामानं ओला, थरथर कापे. म्हने, जरासं लागलं, माय. मी म्हनलं, लढाईले गेल्यावर लागनारच.

तू मातर दूरच उभा राह्यला. मी हात केला, तू पाह्यलं नाई. तुया मोठेपनाचा दिवस होता, लोकाइनं घेरलं असन. मी समजली.

मैना


हिवरखेड, २२ जानेवारी १९६६

जयवंता,

तीन चिठ्ठ्या धाडल्या, एकीचं उत्तर नाई.

पंजाब संक्रांतीले आला तो गेलाच नाई. गुडघा नारळाएवढा सुजला. पाय सरका होत नाई. मांडी घालून बसता येत नाई. रात्रंदिवस भिताडाकडं पाह्यत पडला राह्यते. इचारलं त म्हने, मामाले इचार.

तं इचारून राहिली. काय झालं?

मैना


अमरावती, ३ फेब्रुवारी १९६६

बाई,

हे पत्र पारावर वाचायला देऊ नकोस. आधी तू एकटी वाच.

पंजाबचा पाय मुरगळला नव्हता. उपांत्य सामन्यात त्याचा गुडघा आतून फाटला. दोन हाडांच्या मध्ये एक मऊ चकती असते, तिचा तुकडा पडला. मी मैदानात जाऊन गुडघ्याला हात लावला आणि डॉक्टरांच्या आधी मला कळलं. माझ्या डाव्या गुडघ्यात तेच झालं होतं.

मेसच्या जिन्यावरून मी कधी पडलो नाही. पंचावन्न सालच्या जुलैत गुडघा दुखावलेला असताना क्लबाच्या सेक्रेटरीनं सुई टोचून मला खेळवलं. पाय बधिर झाला, दुखायचा थांबला. उत्तरार्धात मी कडेला जाऊन त्याला म्हणालो की पाय जमिनीला लागलेला कळत नाही. तो म्हणाला, "वीस मिनिटं राहिली, जॉयबोंतो." ती वीस मिनिटं मी खेळलो. त्यानंतर कधी खेळलो नाही. शिकवण्याचा मान वगैरे काही नव्हतं. चेंडूत हवा भरायची, बुटांना तेल लावायचं, असं काम त्यांनी दयेनं दिलं. त्याला शिकवणं हे नाव मी दिलं, तुझ्यासाठी. तू गावात माझं नाव सांगत होतीस. बूट पुसतो असं कसं लिहू?

आता पंजाबचं. डॉक्टर म्हणाले, दोन महिने पाय टेकू देऊ नका. मी म्हणालो, नऊ दिवसांवर सामना आहे, तेवढ्यापुरतं दुखू नये असं काही करा. ते नाही म्हणाले. मी त्यांना सोडून दुसऱ्या डॉक्टरकडं गेलो. सुई मीच टोचवली. पंजाब स्वतः खेळतो म्हणत होता हे खरं आहे. पण तो एकोणीस वर्षांचा आहे आणि माझं ऐकतो. त्याला विचारण्यात काही अर्थ नव्हता.

उत्तरार्धात तो कडेला आला. म्हणाला, "मामा, पाय माया वाटत नाई." मी म्हणालो, "वीस मिनिटं राहिली."

शब्द तोंडातून गेल्यावर कळलं, हे कोणाचे. तरी मी त्याला बाहेर घेतलं नाही. गोल त्यानंतर झाला.

कॉलेजनं माझ्यावर जोर केला नव्हता. कोणीच केला नव्हता. तू आली होतीस. कनातीच्या दोरीजवळ डोळ्यांवर हात धरून बसली होतीस. इतक्या वर्षांत मी काय करतो ते तू कधी पाहिलं नव्हतंस. मला एकदा तुला दाखवायचं होतं. याहून मोठं कारण मला सापडत नाही, आणि मी रोज शोधतो.

मुंबईचे डॉक्टर गुडघा उघडून तुकडा काढतात. त्याला चालता येईल. पळता येणार नाही. तू म्हणशील तर मी सोबत जाईन.

जयवंता


हिवरखेड, २ नोव्हेंबर १९६६

जयवंता,

नऊ महिने झाले. मुंबईले भाऊजी घेऊन गेलते. पाय उघडून शिवला. पंजाब चालते. नांगरामांगं चालता येत नाई. तेल्हाऱ्याले कापसाच्या जिनात वजनकाट्यावर बसाचं काम भेटलं, तिथी बसूनच राहाचं असते.

तुयी चिठ्ठी मी चार डाव वाचली. पंजाब म्हनते, मामाचा दोष नाई, मीच हट्ट केला. मी त्याले चूप केलं.

सुईचं मी कदाचित सोसलं असतं. मानसाच्या हातून होते. पन तू दहा वर्स मले खोटं लिवलं. त्या खोट्यावर मी नवऱ्याशी भांडली. खेयानं जयवंताचं काय वाईट केलं, असं मी या तोंडानं इचारलं. पोराले त्याच्या बापानं नाई पाठवलं, मी पाठवलं. मी तुले पायाचं इचारलं बी होतं. एक डाव खरं लिवलं असतं त पोट्टं घरी राह्यलं असतं.

मले दाखवाचं होतं म्हनतं. मी चेंडू पाहाले आली नव्हती. मी तुमाले दोघाले पाहाले आली होती.

भाऊबीजेले येऊ नको.

मैना


हिवरखेड, ६ एप्रिल १९६९

जयवंता,

या मधात तुया चिठ्ठ्या आल्या. पेटीत ठेवल्या. फोडल्या नाई.

पंजाबनं सांगतलं. तू सदुसष्टच्या हिवाळ्यात शेवटच्या सामन्याले तुयं सगळ्यात चांगलं पोट्टं बाहेर बसवलं, त्याचा गुडघा सुजला होता म्हनून. ते पोट्टं रडलं, त्याचा बाप भांडाले आला, तू आयकलं नाई. हरले. पुढच्या सालाले कॉलेजानं तुले ठेवलं नाई. आता अकोल्याले शायेत कवायत शिकवतं म्हने. तू अन् पंजाब एकमेकाले लिवता हे मले आता समजलं.

४ मे ले पंजाबचं लगन आहे. पोरगी चांदूर बाजारची, मांडव तिकडंच. नवरदेवाच्या मांगं मामा उभा लागते. आपला चुलतभाऊ डोमाजी उभा राहाले तयार आहे. पंजाब म्हनते, माया मामा एकच आहे.

तं ये. उभा राह्य. जेवून जा. मी बोलीन अशी आस धरू नको.

मैना


अकोला, ७ मे १९६९

बाई,

लग्न चांगलं झालं. तू म्हणालीस तसाच आलो, उभा राहिलो, जेवलो. तू नवरीकडच्या बायकांशी बोलत होतीस. केस पांढरे झाले तुझे. मला कोणी सांगितलं नव्हतं.

नको म्हणत असता पंजाब हळदीच्या अंगानं मला मोटारीपर्यंत सोडायला आला. बाजाराच्या रस्त्यानं आम्ही दोघं चाललो. दोघांचा डावा पाय सारखाच पडतो. पानठेल्यावरचा एक बुढा म्हणाला, "बापलेक दिसता." पंजाब म्हणाला, "नाई, मामा आहेत."

मी थांबलो. त्याच्या शेजारून तसं चालणं मला होईना. त्यानं माझा दंड धरला. म्हणाला, "चाला मामा, मोटर निंगते." मग चाललो. त्याच्या तोंडावर राग नव्हता. असता तर मला सोपं गेलं असतं.

जयवंता


हिवरखेड, २० मे १९६९

जयवंता,

पेटीतल्या तुया चिठ्ठ्या आता फोडल्या. मायी नजर कमी झाली, सून वाचून दाखवते. तीन दिवस लागले.

दर चिठ्ठीत तू मजेत आहे. नोकरी गेली त्या महिन्यात बी मजेत आहे. सून वाचता वाचता थांबली अन् मले म्हने, "आत्याबाई, हे खरं आहे काय?" मी तिले काय सांगू?

आता लिवाचं असन त खरं लिव. दोन ओयी लिव, पन खऱ्या लिव. मी आयकीन. उत्तराची वाट पाहू नको.

मैना


अकोला, १ जून १९६९

बाई,

खरं लिहितो.

शाळेला सुट्टी आहे. मुलं गावोगाव गेली. तीन दिवस कोणाशी बोललो नव्हतो. काल किराणावाल्यानं हाक मारली तर ओ देताना आवाज फुटेना. सकाळी स्वयंपाक करतो, तोच दोन्ही वेळा खातो. जिना चढताना आता कठडा धरावा लागतो. पंजाबची खाट मी अमरावतीहून इथं आणली आहे. तिच्यावर कपडे ठेवतो.

तू जेवणाचं विचारायचीस, तब्येतीचं विचारायचीस, मी उत्तर द्यायचो नाही. एक उत्तर आता देतो.

कलकत्त्यात पहिल्या वर्षी सरावाला सुट्टी असली की मी संध्याकाळी हावड्याच्या स्टेशनात जात असे. मुंबईची मेल तिथून सुटते. ती अकोल्यावरून जाते, एवढंच मला माहीत होतं. फलाटावर उभा राहून मी डबे पाहायचो, माणसं चढताना पाहायचो. मराठी बोलणारं कोणी भेटलं तर त्याच्याजवळ जरा उभा राहायचो, बोलायचो नाही. एकदा एका तिकीट तपासनिसानं हटकलं, "रोज दिसतोस. कोणाला सोडायला आलास?" मी म्हणालो, "बहिणीला."

तो तिथंच उभा राहिला. मग गाडी हलली तेव्हा मला हात हलवावा लागला. शेवटचा डबा जाईपर्यंत मी हलवत होतो.

तुझा जयवंता